पंचांगाचा इतिहास लिहिणारा शिक्षक

आमचे आजोबा गावचे जोशी. गुढीपाडव्याला देवळात नव्या वर्षाचे पंचांग वाचायचे ते त्यांनीच. कोणी विहीर खणायला काढो, कोणाची मुंज ठरो, कोणाच्या घरी पोर जन्माला येवो, माणूस आमच्या ओटीवर येऊन बसायचा. आजोबा चष्मा पुसून पंचांग उघडीत, बोटांच्या पेरांवर काहीतरी मोजीत आणि अमुक दिवशी अमुक घटकेपर्यंत थांबा, असे सांगत. लहानपणी मला ही जादूच वाटे. त्या पिवळसर पुस्तकात उद्याचा दिवस आधीच लिहून ठेवलेला आहे आणि तो वाचण्याचा मंत्र फक्त आमच्या आजोबांना येतो, अशी माझी पक्की समजूत होती.

या जादूला पहिला तडा गेला तो सातवीत. भूगोलाच्या तासाला बाईंनी फळ्यावर कललेली पृथ्वी काढली आणि सूर्याचे उत्तरायण २२ डिसेंबरच्या सुमारास सुरू होते असे सांगितले. आमच्या घरी तर उत्तरायण सुरू व्हायचे संक्रांतीला, म्हणजे १४ जानेवारीला. तीन आठवड्यांचा फरक. मी घरी येऊन आजोबांना विचारले. ते रागावले नाहीत, पण उत्तरही दिले नाही. शाळेतले शाळेत ठेवावे आणि घरातले घरात, एवढेच म्हणाले. तेव्हापासून मनात एक बोच राहिली. दोहोंतले एक खोटे असणार आणि ते बहुधा आजोबांचेच असणार, असे वाटे. आणि तसे वाटले की वाईटही वाटे.

या प्रश्नाची तड लागली ती मागल्या वर्षी, आपल्या ग्रंथालयात, तीही अपघाताने. संदर्भविभागातल्या खालच्या फळीवर एक जाडजूड ग्रंथ होता, ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ नावाचा. भविष्य सांगायची विद्या असेल, मित्रांमध्ये भाव खाता येईल, अशा हेतूने मी तो काढला, हे कबूल करतो. भविष्य त्यात जवळजवळ नव्हतेच. वेदांपासून एकोणिसाव्या शतकापर्यंत आपल्या लोकांनी काळ कसा मोजला, कोणी कोणाकडून काय घेतले, कोण कुठे चुकला आणि पंचांग आजचे रूप कसे पावले, याचा तो इतिहास होता. ग्रंथकर्त्याचे नाव शंकर बाळकृष्ण दीक्षित. प्रकाशनाचे साल १८९६. भाषा मराठी. आमच्या ओटीवरच्या त्या पिवळ्या पुस्तकाला इतिहास असू शकतो, ही कल्पनाच मला नवी होती.

दीक्षितांचा जन्म २० जुलै १८५३ रोजी मुरूड येथे झाला. हे मुरूड जंजिऱ्याचे नव्हे, रत्नागिरी जिल्ह्यात दापोली तालुक्यातले समुद्रकाठचे. नारळी-पोफळीच्या याच गावात पुढे महर्षी झालेल्या धोंडो केशव कर्व्यांचेही बालपण गेले. कर्वे दीक्षितांहून पाच वर्षांनी लहान. एकाच गावच्या दोन मुलांनी पुढे एवढी कामे करावीत, ही मुरूडकरांना आजही मिरवावीशी वाटणारी गोष्ट आहे. कोकणातल्या त्या काळच्या बऱ्याच मुलांप्रमाणे दीक्षितांचे प्राथमिक शिक्षण गावातच झाले आणि पुढे ते पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात शिक्षकाचे शिक्षण घ्यायला आले. इंग्रजी त्यांनी तिथे असतानाच, आपला मुख्य अभ्यास सांभाळून शिकून घेतले आणि मॅट्रिकची परीक्षा दिली. औपचारिक शिक्षण म्हणाल तर एवढेच. ते ना पदवीधर होते, ना कोणत्या कॉलेजात गणिताचे प्राध्यापक. शिक्षकाची नोकरी पत्करली आणि जन्मभर ती केली. ठाणे, बार्शी, धुळे अशा बदल्या होत होत अखेर ते पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात आले. (आपल्या प्राध्यापकांनी रागावू नये, पण हे वाचून आम्हां विद्यार्थ्यांना जरा बरे वाटते.)

शाळेच्या तपासणीचे, बढतीचे, बदलीचे लचांड सांभाळत या माणसाने वेदाङ्गज्योतिषातले श्लोक सोडवले. त्या छोट्याशा ग्रंथातले कित्येक श्लोक इतके त्रोटक आणि अशुद्ध होऊन आलेले आहेत, की वेबर आणि थीबो यांच्यासारखे जर्मन पंडितही त्यांपुढे अडले होते. ठाण्याचे जनार्दन बाळाजी मोडक हेही त्याच खटपटीत होते. दीक्षितांचा आणि मोडकांचा पुढे चांगला स्नेह जमला. त्या स्नेहातूनच ते एका वादात पडले. तो वाद नीट समजल्याशिवाय दीक्षित समजणार नाहीत, म्हणून थोडे विषयांतर करतो. वाचकांनी कंटाळू नये.

पंचांगातली तिथी म्हणजे काही गूढ नव्हे. चंद्र सूर्याच्या पुढे बारा अंश गेला की एक तिथी झाली. हा हिशेब करायला सूर्य-चंद्रांची गती नेमकी माहीत हवी. महाराष्ट्रात हे गणित शेकडो वर्षे ‘ग्रहलाघव’ या ग्रंथावरून होत असे. तो शके १४४२ मध्ये, म्हणजे इ. स. १५२० साली, कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी रचला. गणेश दैवज्ञांची हुशारी अशी, की ज्या-कोटिज्यांची किचकट कोष्टके त्यांनी काढूनच टाकली आणि साध्या गुणाकार-भागाकारावर ग्रह आणून दाखवले. त्यामुळे गावोगावच्या जोशांची सोय झाली. आमच्या आजोबांच्या पणजोबांनीही बोटांवर मोजले ते बहुधा त्याच आधारे. पण तीनशे-साडेतीनशे वर्षांत छोटी छोटी चूक साठत गेली. ग्रहण पंचांगात एका वेळेला आणि आकाशात दुसऱ्या वेळेला, असे होऊ लागले. तेव्हा पुण्याचे गणिताचे प्रसिद्ध प्राध्यापक केरो लक्ष्मण छत्रे यांनी युरोपीय कोष्टकांवरून ग्रह घेऊन १८६५ पासून नवे पंचांग काढले. त्याला पटवर्धनी पंचांग म्हणत. टिळक हे या केरूनानांचेच शिष्य.

इथपर्यंत भांडण फारसे नव्हते, कारण ग्रहण डोळ्यांना दिसते. खरी अडचण होती ती वर्ष कुठून मोजायचे याची. पृथ्वीचा आस भोवऱ्यासारखा हळूहळू डुलतो. त्यामुळे ज्या ठिकाणी सूर्य आला असता दिवस-रात्र समान होतात ते ठिकाण ताऱ्यांच्या मानाने मागे मागे सरकते. सुमारे ७२ वर्षांत एक अंश, आणि पुरा फेरा व्हायला जवळजवळ २६ हजार वर्षे. यालाच अयनचलन म्हणतात. आता वर्ष ताऱ्यांपासून मोजले तर ते निरयन, आणि संपातापासून, म्हणजे ऋतूंच्या मानाने, मोजले तर ते सायन. आपली पंचांगे निरयन. म्हणून आपली संक्रांत ऋतूंपासून सुटली आणि पुढे पुढे चालली आहे. स्वामी विवेकानंदांचा जन्म १८६३ च्या मकरसंक्रांतीचा. ती तारीख होती १२ जानेवारी. आज संक्रांत १४ किंवा १५ जानेवारीला येते. दीड-पावणेदोन शतकांत एवढी सरकली. आणखी काही हजार वर्षांनी तिळगूळ ऐन उन्हाळ्यात वाटावा लागेल.

मोडक, विसाजी रघुनाथ लेले आणि दीक्षित या तिघांचे म्हणणे असे, की पंचांग सायन करावे. या तिघांच्या प्रयत्नांनी सायन पंचांग छापून निघूही लागले. दीक्षितांचा युक्तिवाद मला फार आवडला, कारण तो इंग्रजी विद्येचा नसून जुन्याच आधारावर उभा होता. वेदांत महिन्यांची नावे चैत्र-वैशाख अशी नाहीत. मधु आणि माधव हे वसंताचे महिने, शुक्र आणि शुचि ग्रीष्माचे, नभ आणि नभस्य पावसाळ्याचे, अशी ती ऋतूंची नावे आहेत. नक्षत्रांवरून पडलेली चैत्रादी नावे नंतरची. म्हणजे आपले अतिप्राचीन पूर्वज वर्ष ऋतूंप्रमाणे धरीत होते, आणि सायन पंचांग ही सुधारणा नसून मूळपदावर येणे आहे. सनातन्याला सनातन पुराव्यानेच गाठायचे, असा हा डाव होता.

डाव साधला नाही. छत्र्यांचे रेवतीच्या ताऱ्यापासून मोजणारे पंचांग, जुने ग्रहलाघवी आणि हे सायन, अशी तीन पंचांगे झाली. तिघांची संक्रांत तीन वेगळ्या दिवशी, आणि अधिक महिना एकमेकांशी जुळेना की सणच महिनाभर पुढेमागे. लोकांनी काय केले? जे आजोबा-पणजोबांनी केले तेच. घराघरांत जुनेच पंचांग राहिले. सायन पंचांग मूठभर मंडळींपुरतेच उरले. बरोबर असूनही लोक ऐकत नाहीत, हे दीक्षितांनी तरुणपणीच पाहिले.

एखादा माणूस अशा वेळी कडवट झाला असता. मला दीक्षितांचे मोठेपण दिसते ते इथे. ज्या पंचांगाशी आपले भांडण, त्याचाच समग्र इतिहास लिहायला ते बसले. त्याला निमित्त मिळाले दक्षिणा प्राइझ कमिटीचे. पेशवे श्रावणात ब्राह्मणांना दक्षिणा वाटीत; त्या निधीचे इंग्रजी अमलात जे रूपांतर झाले त्यातून चांगल्या मराठी ग्रंथांना बक्षिसे देत. म्हणजे पूर्वी जी दक्षिणा वेद म्हणून दाखवणाऱ्याला मिळे, ती आता वेदांचा काळ तपासणाऱ्याला मिळाली! ग्रंथ लिहून झाला १८८० नंतरच्या दशकाच्या अखेरीस, पण पुण्याच्या आर्यभूषण छापखान्यातून छापून बाहेर पडायला १८९६ साल उजाडले.

हा ग्रंथ कसा केला असेल याचा विचार करताना मी थक्क होतो. छापील पुस्तके थोडी. पोथ्या मुख्यतः पुण्याला डेक्कन कॉलेजातल्या सरकारी संग्रहात. वराहमिहिराची ‘पञ्चसिद्धान्तिका’ थीबो आणि सुधाकर द्विवेदी यांनी १८८९ साली छापली. तिच्या हस्तलिखितावर दीक्षितांनी आपल्या परीने आधीच काम केले होते. आज ज्याला सूर्यसिद्धान्त म्हणतात तो वराहमिहिरासमोर असलेला जुना सूर्यसिद्धान्त नव्हे, दोघांचे आकडे वेगळे आहेत, हे त्यांनी गणित करून दाखवले आणि १८९० मध्ये ‘इंडियन अँटिक्वरी’त त्यावर लेख लिहिला. त्या ग्रंथाला स्वयंप्रकाश सूर्याचा उपदेश मानणाऱ्या समाजात राहून त्याच्या आवृत्त्या वेगळ्या काढणे, याला धैर्य लागते. दीक्षितांनी ते आरडाओरडा न करता केले.

ग्रंथाचे दोन भाग. पहिल्यात वेदकाळ आणि वेदाङ्गकाळ. दुसऱ्यात सिद्धान्तकाळ, आर्यभट, वराहमिहिर, ब्रह्मगुप्त, भास्कराचार्य यांच्यापासून ज्यांची नावे आपण कधी ऐकलीही नाहीत अशा करणग्रंथकारांपर्यंत प्रत्येकाचा काळ, गाव, ग्रंथ आणि त्यातले गणित. त्यानंतर संहिता आणि जातक, म्हणजे शकुन-मुहूर्त आणि पत्रिका. या शेवटच्या गोष्टींना त्यांनी ग्रंथात अगदी बेताची जागा दिली आहे. माझ्यासारखा भविष्याच्या आशेने आलेला वाचक तिथे निराश होतो, पण तोवर तो दुसऱ्याच गोष्टीत गुंतलेला असतो.

मी गुंतलो ते वारांच्या प्रकरणात. रविवारनंतर सोमवारच का, मंगळवार का नाही, हा प्रश्न मला कधी पडलाच नव्हता. त्याचा उलगडा असा. पूर्वी ग्रहांचा क्रम त्यांच्या गतीवरून लावीत. सर्वांत मंद शनी, मग गुरू, मंगळ, रवी, शुक्र, बुध आणि सर्वांत जलद चंद्र. दिवसाचे चोवीस होरे, आणि प्रत्येक होऱ्याचा अधिपती याच क्रमाने एकेक ग्रह. शनिवारचा पहिला होरा शनीचा. सातांच्या तीन फेऱ्या झाल्या की बाविसावा पुन्हा शनीचा, तेविसावा गुरूचा, चोविसावा मंगळाचा. दुसऱ्या दिवसाचा पहिला होरा आला रवीचा, म्हणून तो रविवार. तसेच पुढे गेले की सोमवार. पाटीवर मांडून पाहा, सातही वार बरोबर येतात. आता गंमत अशी, की ‘होरा’ हा शब्द मूळचा संस्कृत नाही, ग्रीक आहे. वेदांत वार नाहीत, वेदाङ्गज्योतिषात नाहीत, महाभारतातही नाहीत. म्हणजे ज्या वाराला आपण उपास करतो, ज्या वाराला नखे काढायची नाहीत म्हणून आई ओरडते, ते वार आपल्याकडे बाहेरून आले. मोठा स्वदेशाभिमानी असूनही दीक्षितांनी हे मोकळेपणाने मांडले आहे.

सगळीकडे ते इतके तटस्थ राहिले, असे मात्र म्हणवत नाही. ग्रहगणिताचा मुख्य भाग आपलाच, ग्रीकांचे ऋण थोडे, असा त्यांचा कल आहे. पुढच्या संशोधकांनी बाबिलोनी आणि ग्रीक गणिताशी जे धागे जुळवून दाखवले, ते पाहता हा कल आज तसाच स्वीकारता येत नाही. परक्या राज्यात परक्या पंडितांनी तुमचे काहीच नाही असे सुनावले, की त्यांना उत्तर देणाऱ्याचा तोल थोडा ढळतोच. दोष सांगितला, पण त्यामुळे ग्रंथाचा भार हलका होत नाही.

त्यांचा सर्वांत गाजलेला शोध कृत्तिकांचा. शतपथ ब्राह्मणात अग्न्याधानाच्या संदर्भात असे आहे, की बाकीची नक्षत्रे पूर्व दिशेपासून ढळतात, कृत्तिका मात्र ढळत नाहीत. हजारो वर्षे पाठ करणाऱ्यांनी ते पाठ केले. दीक्षितांनी तिथे थांबून विचार केला. एखादा तारा नेमका पूर्वेला उगवायचा तर तो विषुववृत्तावर हवा. आज कृत्तिका विषुववृत्ताच्या बऱ्याच उत्तरेला आहेत. मग अयनचलनाने त्या विषुववृत्तावर कधी होत्या? गणित केले तेव्हा उत्तर आले इसवी सनापूर्वी सुमारे ३००० वर्षे. १८९५ मध्ये त्यांनी हे ‘इंडियन अँटिक्वरी’त मांडले. टिळकांचे ‘ओरायन’ १८९३ चे. मृगात संपात होता त्या काळापर्यंत टिळक मागे गेले होते. पुण्यातली ही दोन माणसे जवळजवळ एकाच वेळी आकाशाचे घड्याळ करून वेदांचा काळ पाहत होती. एक वर्तमानपत्र चालवून, दुसरा शिकवून.

हे गणित चुकीचे नाही. पण त्या वचनाचा अर्थ तेवढा काटेकोर घ्यावा का, की पूर्वेकडे उगवतात एवढेच ढोबळपणे सांगायचे होते, आणि वचन जुने असले तरी ग्रंथही तितकाच जुना मानावा का, यावर वाद झाले आणि आजही आहेत. शतपथाची भाषा पाहून बहुतेक भाषाशास्त्रज्ञ तो ग्रंथ पुष्कळ अलीकडे आणतात. मला तो वाद सोडवता येणार नाही. पण एका ओळीवर थांबण्याची दीक्षितांची ती सवय मात्र मी उचलायची ठरवली आहे.

त्यांच्या विद्येचा अधिक निर्विवाद उपयोग झाला तो इतिहासाला. इतिहास विषय घेतलेल्या मित्रांनी इथे लक्ष द्यावे. गुप्त राजांचा शक नेमका कधी सुरू झाला, हे एकोणिसाव्या शतकात मोठे कोडे होते. कोणी त्याला शालिवाहन शकाशी जोडी, कोणी दुसऱ्या शतकात नेई. अल्-बीरूनीने मात्र तो शालिवाहन शकानंतर २४१ वर्षांनी सुरू झाल्याचे लिहून ठेवले होते. मुंबई इलाख्यातले अधिकारी आणि शिलालेखांचे पंडित फ्लीट यांनी हा प्रश्न हाती घेतला. गणित केले दीक्षितांनी. मध्य प्रदेशात एरण येथे बुधगुप्ताच्या काळचा स्तंभलेख आहे. त्यावर गुप्त संवत् १६५, आषाढ शुद्ध द्वादशी, गुरुवार, असा काळ कोरला आहे. गुप्त शक इ. स. ३१९-२० चा धरला तर हे साल येते ४८४. त्या वर्षीची आषाढ शुद्ध द्वादशी कोणत्या वारी होती, हे दीक्षितांनी मूळ रीतीने मोजले. ती आली २१ जून, आणि वार गुरुवार. एकच लेख असता तर सातांत एकदा असे योगायोगानेही जुळते, म्हणून इतर लेखांवरही कसोटी लावली. फ्लीटचा तो ग्रंथ १८८८ साली प्रसिद्ध झाला. आज आपण परीक्षेत समुद्रगुप्त-चंद्रगुप्तांची सालावळ घोकतो, तिच्या पायात या शिक्षकाची आकडेमोड आहे.

आणि याच विद्येतून निघाले ते रॉबर्ट सीवेल यांच्याबरोबरचे इंग्रजी पुस्तक, ‘द इंडियन कॅलेंडर’, लंडनहून १८९६ मध्येच प्रसिद्ध झालेले. (विजयनगरचा इतिहास लिहिणारे ते हेच सीवेल.) इ. स. ३०० पासून १९०० पर्यंतच्या कोणत्याही हिंदू तिथीची इंग्रजी तारीख काढता यावी, अशी त्यात कोष्टके आहेत. मुसलमानी तारखांचीही सोय आहे, आणि ग्रहणांची कोष्टके व्हिएन्नाच्या श्राम यांची. शेकडो ताम्रपटांच्या आणि दस्तऐवजांच्या तारखा पुढे लोकांनी या पुस्तकावरून लावल्या.

तेव्हा १८९६ साली दीक्षितांचे दोन मोठे ग्रंथ निघाले. इंग्रजीतला जगभर गेला. मराठीतला, जो त्यांचा खरा जीवनग्रंथ, महाराष्ट्रात राहिला. मराठी मुख्य विषय घेऊन बी. ए. करणाऱ्या माझ्यासारख्याला ही गोष्ट लागते. मराठी घेऊन करणार काय, हा प्रश्न मला घरी-दारी विचारला जातो, आणि विचारणाऱ्यांत ज्ञानाची भाषा इंग्रजीच असे मानणारे पुष्कळ. दीक्षितांना इंग्रजीत लिहिता येत होते, हे वरच्या लेखांवरून उघड आहे. तरी आपला मोठा ग्रंथ त्यांनी मराठीत लिहिला, आणि ज्यांच्यासाठी लिहायचा होता ते पंचांग करणारे आणि वापरणारे मराठीच होते. त्यांनीच ‘ज्योतिर्विलास अथवा रात्रीची दोन घटका मौज’ हे साध्या वाचकासाठीही लिहिले. नावावरूनच कळते, की जेवण आटोपून अंगणात आलेल्या माणसाला ते वर पाहायला सांगत होते. पण त्याची किंमतही पडली. ‘भारतीय ज्योतिषशास्त्रा’चा हिंदी अनुवाद व्हायला १९५७ उजाडले. इंग्रजी अनुवादाचा पहिला भाग १९६९ मध्ये आला आणि दुसरा १९८१ मध्ये. म्हणजे मूळ ग्रंथानंतर पंच्याऐंशी वर्षांनी! तोवर मराठी न येणाऱ्या बाहेरच्या पंडितांना तो ऐकीव माहितीवरच घ्यावा लागला असणार. दीक्षितांनी इंग्रजीत लिहायला हवे होते, असे मी म्हणत नाही. पण नसते म्हटले, असेही छातीठोकपणे म्हणवत नाही. हा विचार माझ्या डोक्यात अजून दोन्ही बाजूंनी फिरतो.

दीक्षितांना हे काहीच पाहायला मिळाले नाही. ग्रंथ छापून झाल्यावर दोन वर्षेही पुरती झाली नसतील तोच, २० एप्रिल १८९८ रोजी, वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षात त्यांचा अंत झाला.

सायन पंचांगाचे काय झाले? स्वातंत्र्यानंतर १९५२ मध्ये सरकारने मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली पंचांग सुधारणा समिती नेमली. तिच्यात नागपूरचे डॉ. के. ल. दप्तरी होते, ‘केसरी’चे माजी संपादक ज. स. करंदीकर होते, उज्जैनचे रा. वि. वैद्य होते. दीक्षितांच्या ग्रंथाचा इंग्रजी अनुवाद पुढे केला तो याच वैद्यांनी. समितीच्या शिफारशीवरून २२ मार्च १९५७ पासून राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. तिचे वर्ष ऋतूंना बांधलेले, म्हणजे सायन आहे. सरकारी राजपत्रावर आणि आकाशवाणीवर ती तारीख असते. सणवारांसाठी मात्र समितीनेही निरयनाशी तडजोड केली, आणि आपल्या घराघरांत भिंतीवर टांगलेल्या दिनदर्शिकेत संक्रांत जानेवारीतच राहिली. साठ-सत्तर वर्षांपूर्वी दीक्षित-मोडक जिथे अडले होते, साधारण तिथेच सरकारही अडले.

मागच्या दिवाळीच्या सुटीत मी घरी गेलो तेव्हा एन. सी. सी.तल्या मित्राचे होकायंत्र मागून नेले होते. अमावास्येच्या आसपासची काळोखी रात्र होती. जेवणाआधी गच्चीवर जाऊन पूर्वेचा अंश धरला आणि कृत्तिकांची वाट पाहत बसलो. तो लहानसा पुंजका डोंगराच्या वर आला तेव्हा पूर्वेला नव्हताच. चांगला पंचवीसेक अंश उत्तरेकडे सरकलेला होता, जूनमध्ये सूर्य जिथे उगवतो साधारण तिथे. मी काय करतो आहे ते पाहायला आजोबा काठी टेकत वर आले. मी त्यांना शतपथातले वचन सांगितले. ते त्यांना माहीत होते. पाच हजार वर्षांचे गणित सांगितले. ते त्यांनी मुकाट्याने ऐकले. मग बावीस डिसेंबरची गोष्ट काढली. ते म्हणाले, की हा फरक त्यांच्या वडिलांनाही ठाऊक होता, अयनांश पंचांगात छापलेलेच असतात, पण सातवीतल्या पोराला ते कसे समजावायचे हे त्यांना त्या दिवशी सुचले नव्हते.

थोड्या वेळाने त्यांनी होकायंत्र हातात घेतले आणि डोळ्यांजवळ नेऊन सुई थरथरते ती पाहिली. खाली उतरताना म्हणाले, की दीक्षितांचे नाव ऐकून आहे, पुस्तक कधी हाती आले नाही. पुढच्या सुटीत घेऊन ये, टाइप मोठा असला तर वाचीन. ग्रंथ संदर्भविभागातला असल्यामुळे घरी न्यायला मिळत नाही. ग्रंथपालांनी या अंकातला हा लेख वाचला, तर आठ दिवसांपुरता अपवाद करावा, अशी त्यांना माझी विनंती आहे.